आधी बीम ढिला करायचा

"माझी मुलगी पुण्यात असते."

हे नायनांचं ठरलेलं वाक्य. नायना म्हणजे माझे वडील. आमच्या घरात तेलुगू चालतं. मराठी आम्ही बाहेरच्यांशी बोलायला आणि घरातल्यांशी भांडायला वापरतो, त्यामुळे आमच्या घरात सगळ्यांचं मराठी फार उत्तम आहे. तर नायनांना कुणी विचारलं, लेक काय करते हो तुमची, की हे उत्तर तयार. शिकली किती? पुण्यात असते. लग्नाचं काय? पुण्यात असते. सोलापुरात आमच्या भवानी पेठेतल्या इतर मुली शाळेत शिकवतात, दवाखान्यात इंजेक्शनं देतात, साड्यांना फॉल लावतात. मी असते.

त्यांचाही फार दोष नाही. मी जे करते त्याला आमच्या धंद्यात परफॉर्मन्स, व्हिडिओ आणि इन्स्टॉलेशन असं तीन मजली नाव आहे. सोप्या भाषेत सांगायचं तर मी एखाद्या खोलीत काहीतरी मांडते, त्याचा पिक्चर काढून भिंतीवर लावते आणि मग स्वतःच त्याच्या मधोमध जाऊन उभी राहते. लोक येतात, हनुवटीला हात लावून बघतात, "हं" म्हणतात आणि चहा प्यायला जातात. एका मावशीला वाटतं मी नाटकात आहे. एका काकांना वाटतं मी मंडप डेकोरेशन करते. काका जास्त जवळ आहेत.

पहिल्यांदा मी मुंबईत एका गॅलरीत सहा तास सुतात गुंडाळून घेऊन उभी राहिले, तेव्हा मोठ्या हौसेनं घरी फोटो पाठवला. अम्मानं फोनवर विचारलं, "मधे जेवलीस का?" नायनांनी चष्मा लावून फोटो बराच वेळ पाहिला म्हणे, आणि मग म्हणाले, "दोन किलो सूत वाया गेलं की."

दुसऱ्या वेळी मी एक सोलापुरी चादर तीन दिवस बसून धागा धागा उसवली. त्याचा फोटो पेपरात आला. पेपर गल्लीभर फिरला. नायना म्हणाले, "चांगली चादर उसवली हिनं. ज्यानं विणली आसंल त्यानं बघितलं तर काय वाटंल त्याला?" मी भयंकर चिडले. आपली कला घरच्यांना कळत नाही याचं दुःख मी चार ठिकाणी रंगवून सांगितलं, एका ठिकाणी तर माइकवर. ज्यानं ती चादर विणली असेल त्याचा विचार मात्र माझ्या डोक्यात आला नव्हता, हे कुठंच सांगितलं नाही.

पण वय वाढतं तसा राग परवडत नाही. चाळिशी ओलांडली आणि मला एकच गोष्ट हवीशी वाटायला लागली. परदेशातली प्रदर्शनं नव्हे, पेपरातले फोटो नव्हेत. नायनांना कुणीतरी विचारावं, लेक काय करते, आणि त्यांनी एकदा, फक्त एकदा, मी काय करते ते सांगावं. चुकीचं सांगितलं तरी चालेल. मंडप डेकोरेशन म्हणाले तरी चालेल. पुणं नको.

नायनांनी चाळीस वर्षं यंत्रमाग चालवला. शाळा सुटली की मी त्यांचा डबा घेऊन कारखान्यात जायची. कारखाना म्हणजे पत्र्याची लांबलचक शेड, आत दोन ओळींत माग, आणि असा आवाज की मालकाला शिव्या दिल्या तरी त्याला आशीर्वाद वाटावेत. तिथं एक नियम होता, कुठं लिहिलेला नव्हता तरी सगळे पाळायचे. तुटलेला धागा दिसला की तो सांधायचा. माग कुणाचाही असो, तुम्ही चहाला निघालेले असा नाहीतर मुतायला, तुटका धागा डोळ्यानं बघून पुढं जायचं नाही. हात गेलाच पाहिजे.

मला नायनांनीच शिकवलं. फार प्रेमानं वगैरे नाही, टपल्या मारून. मागाच्या पाठीमागं बीम असतो, म्हणजे सगळे उभे धागे गुंडाळलेला मोठा रूळ. "आधी बीम ढिला कर," ते कानाशी ओरडायचे. "ताणलेल्या धाग्याला गाठ बसत न्हाय. आधी बीम ढिला, मग बोटाला राख, मग गाठ." बीम अर्धा फेरा सोडला की धाग्यांना जरा झोळ येतो, तुटलेली टोकं एकमेकांपर्यंत पोचतात. राखेनं बोटं घसरत नाहीत. मी चुकून ताणलेल्याच धाग्याला हात घातला की टपली. बारा वर्षांची होईपर्यंत मी झोपेतसुद्धा गाठ मारू शकत होते. मग मी कलेच्या कॉलेजात गेले आणि हे सगळं विसरले, अशी माझी समजूत होती.

तर गेल्या वर्षी मला साक्षात्कार झाला की आता सोलापुरातच काहीतरी करायचं. आमच्या धंद्यात याला जागेशी संवाद म्हणतात. जागा म्हणजे नायनांचाच जुना कारखाना, बंद पडून बरीच वर्षं झालेला. मालकांच्या मुलानं पंधरा दिवसांसाठी किल्ली दिली, कारण त्याला वाटलं मी शेड झाडून देईन. दिली. आत एकच माग उरला होता; भंगारवाल्यालाही तो ओढत नेणं जिवावर आलं असावं. त्याच्या मागचा बीम काढून मी सहा फुटांवर एका लोखंडी स्टँडवर बसवला आणि मधे आठशे धागे ताणून घेतले. मग कॅमेरा लावला, बीम अर्धा फेरा सोडला, आणि एकेक करत आठशेच्या आठशे धागे मधोमध कापले. पाऊण तास लागला. ते चित्रण एका प्रोजेक्टरवरून भिंतीवर सतत चालू राहणार होतं. मागाच्या बाजूची आणि बीमच्या बाजूची टोकं दोन पडद्यांसारखी समोरासमोर लोंबत होती. उद्घाटनाच्या संध्याकाळी त्या दोन पडद्यांच्या मधे मी तीन तास न हलता, न बोलता उभी राहणार होते, दोन्हीकडचं एकेक टोक दातांत धरून. समोर एका पांढऱ्या चौथऱ्यावर एक जुना धोटा, म्हणजे आडवा धागा इकडून तिकडं नेणारी लाकडी होडी, ठेवला होता, आत सुताची कांडी भरलेली, अगदी देव्हाऱ्यातल्यासारखा.

कामाचं नाव 'विच्छेद'. दारावर पाटी लावली: "हे तुटणं अंतिम आहे. इथे काहीही पुन्हा जोडता येणार नाही." ती दोन वाक्यं लिहायला मला चार दिवस लागले होते. नायनांना वाचून दाखवली. ते म्हणाले, "का न्हाय येणार?" मी म्हटलं, ते तसं नसतं. ते म्हणाले, "बरं."

बघायला येणार का, असं विचारलं तेव्हा म्हणाले, "बघू." आमच्या घरात "बघू" म्हणजे नाही. नाही म्हणजे भांडण, आणि हो असं कुणी म्हणत नाही.

शेवटी ते आले, पण कलेसाठी नव्हे. प्रोजेक्टर चोरीला जाऊ नये म्हणून. उद्घाटनाच्या आदल्या दिवशी मुंबईहून एक बाई यायच्या होत्या. एका मोठ्या प्रदर्शनात कुणाला घ्यायचं हे त्या ठरवणार होत्या, आणि गर्दीच्या आधी निवांत काम बघायचं होतं त्यांना. त्यांना आणायला मी स्टेशनवर जाणार, शेडचं कुलूप तर नुसतं नावाला, आणि प्रोजेक्टर भाड्याचा. सकाळी दहाला नायना डबा आणि पाण्याची बाटली घेऊन हजर झाले. मी त्यांना खुर्ची दिली, भिंतीवरचा व्हिडिओ चालू केला आणि बजावून सांगितलं, "नायना, कशालाही हात लावायचा नाही. नुसतं बसायचं."

"नुसतं?"

"नुसतं."

"बरं," नायना म्हणाले. "तुझ्यासारखं."

गाडी तीन तास लेट झाली. मग बाईंना हॉटेलात जाऊन तोंड धुवायचं होतं. मग त्यांना "इथलं काहीतरी अस्सल" जेवायचं होतं, म्हणून कडक भाकरी आणि शेंगाची चटणी खायला नेलं. चटणीनं त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, आणि ती माती, ते श्रम यावर त्या बराच वेळ बोलल्या. आम्ही भवानी पेठेत शिरलो तेव्हा चार वाजून गेले होते. रिक्षात मी त्यांना समजावत होते की या कामाचा गाभा म्हणजे शांतता. बंद पडलेल्या मागाची शांतता. बाई डोळे मिटून ऐकत होत्या.

शेडच्या कोपऱ्यावर रिक्षा वळली आणि आवाज आला. खटक-खटक, खटक-खटक.

मला आधी वाटलं शेजारच्या कारखान्यातून येतोय. मग आठवलं की शेजारचा कारखाना पाडून तिथं मंगल कार्यालय झालंय. मी रिक्षावाल्याचं भाडं बाईंवर सोडून पळत सुटले.

आत काय बघते, तर माग चालू! माझा माग! आठशेच्या आठशे धागे सांधलेले, वरून बघितलं तर एक टोक लोंबतंय म्हणून शपथेला नाही. बीमला दोरी बांधून तिला दोन विटा लटकवल्या होत्या, ताण बरोबर राहावा म्हणून. पांढऱ्या चौथऱ्यावरचा धोटा चौथऱ्यावर नव्हता, तो मागात इकडून तिकडं उड्या मारत होता. भिंत कोरी होती, कारण प्रोजेक्टरची पिन काढून त्या जागी मागाच्या मोटरची वायर खुपसली होती. परफॉर्मन्स, व्हिडिओ, इन्स्टॉलेशन, तिन्ही मजले जमीनदोस्त. आणि मागाशेजारी नायना उभे होते, बंडीवर, बोटं राखेनं पांढरी, आणि त्यांच्याबरोबर त्यांचे जुने जोडीदार, आम्ही ज्यांना जॉबर चाचा म्हणतो ते. जॉबर म्हणजे मागाचा मेकॅनिक. चाचांच्या हातात तेलाची बुधली होती आणि चेहऱ्यावर नातवाच्या बारशाला असतो तसा आनंद.

"देख बेटी," ते आवाजावर आवाज चढवून म्हणाले, "मोटर जाम थी, तेल डाला, चालू! तेरे बाप को मैंच बोला, बच्ची को टाइम नै मिला होगा, काम अधूरा पडा है, अपन पूरा कर देते."

मागातून आलेलं वीतभर कापड नायनांनी अंगठ्यानं चाचपलं आणि माझ्याकडे बघितलं. ते काय बघत होते ते मला नीट कळत होतं. शाळेतून पहिला नंबर आणल्यावर मी त्यांच्याकडे बघायची तसं.

आणि मी काय केलं? मी किंचाळले. मराठीत. "कशाला हात लावलात? सांगितलं होतं ना, नुसतं बसा म्हणून! सगळ्याची वाट लावली! काही कळत नाही तर हात कशाला घालता? आयुष्यभर दुसऱ्याच्या मागावर राबलात, तेवढंच येतं तुम्हाला!"

चाचांनी माग बंद केला. शेडमध्ये मला हवी होती तशी शांतता पसरली.

नायनांनी राखेची डबी मिटली आणि बंडीच्या खिशात टाकली. फार सावकाश टाकली. ती डबी त्यांनी घरून आणली नव्हती, चाचांनीच कुठूनशी राख आणून दिलेली असणार, पण ती अशी खिशात टाकली की जणू चाळीस वर्षं तिथंच होती. मला त्याच क्षणी मेल्याहून मेल्यासारखं झालं. शब्द परत घेता आले असते तर जमिनीवरून वेचून घेतले असते. पण मी कलावंत ना! मी तशीच फणकारत उभी राहिले.

तेवढ्यात दारातून बाई म्हणाल्या, "थांब. कुणी काही बोलू नका."

त्या दोन्ही हात छातीशी धरून उभ्या होत्या. "माझ्या अंगावर काटा आलाय," त्या म्हणाल्या. "पाटी म्हणते जोडता येणार नाही, आणि हा म्हातारा विणकर येतो आणि जोडतो. तुझे वडील आहेत ना? आणि ते तुझं ओरडणं! हा सगळा कामाचा भाग आहे?"

इथं एक सरळ माणूस "नाही" म्हणाला असता. "हो," मी म्हणाले. "हा कामाचाच भाग आहे."

नायनांना मराठी उत्तम येतं, हे मी आधी सांगितलंय.

बाईंचा उत्साह मावेना. त्या नायनांपाशी गेल्या आणि फार आदरानं म्हणाल्या की हे मोठ्या प्रदर्शनात व्हायला हवं, तुम्ही तिथं रोज बसून धागे जोडायचे, महिनाभर, लोकांसमोर.

"रोज काय जोडायचं?" नायना म्हणाले. "जोडून झालंय की."

"रोज सकाळी आम्ही पुन्हा कापू."

नायनांनी आधी बाईंकडे बघितलं, मग माझ्याकडे. "मी येडा दिसतो व्हय?" ते म्हणाले, डबा उचलला आणि चाचांच्या स्कूटरवर मागं बसून निघून गेले.

घरी माफी मागायची आमच्यात पद्धत नाही. चहा करून द्यायची आहे. मी चहा केला, आलं घालून. नायना पेपर वाचत होते. चहावर साय धरली तरी पेपर वाचत होते. अम्मानं आत येऊन एकदा त्यांच्याकडे, एकदा माझ्याकडे आणि एकदा कपाकडे बघितलं, आणि तो चहा स्वतः पिऊन टाकला. "काय बोललीस त्यांना?" ती म्हणाली. मी सांगितलं. सगळं, शेवटच्या वाक्यासकट. अम्मा म्हणाली, "ते परवापासून पांढरा शर्ट इस्त्री करून ठेवलाय म्हणत होते. उद्घाटनाचा." मला वाटलं होतं "बघू" म्हणजे नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी कात्री घेऊन शेडवर गेले. संध्याकाळी पाचला लोक येणार होते, पत्रिका वाटून झाल्या होत्या, 'विच्छेद' दाखवायचा तर विच्छेद तरी हवा. प्रोजेक्टरची पिन परत लावली. बीमला खिटी लावली आणि विटा सोडल्या. धागे छान ताणलेले होते, मधोमध बारीक बारीक गाठींची एक रेघ, शिस्तीत. एकेक गाठ तांदळाच्या कणीएवढी. सत्तरी ओलांडलेल्या, मोतीबिंदू झालेल्या माणसाच्या गाठी. मी पहिला धागा कात्रीत धरला आणि माझ्यानं कापवेना. अशी किती वेळ उभी होते कोण जाणे.

"काप की," मागून आवाज आला.

नायना दारात उभे होते, आदल्या दिवशीच्याच बंडीवर. मला वाटलं आता ओरडतील. ओरडले असते तर बरं झालं असतं. ते आत आले, माझ्याकडे न बघता सरळ बीमकडे गेले, आणि खिटी काढून त्यांनी बीम अर्धा फेरा सोडला. धाग्यांना झोळ आला.

"हं. आता काप."

"नायना, काल मी..."

"काल तुझा पिक्चर बघितला," ते म्हणाले. "दोनदा. दुसऱ्यांदा चाचाला दावायला लावला."

माझं एखादं काम त्यांनी पहिल्यापासून शेवटपर्यंत बघितलं, हे आयुष्यात पहिल्यांदा ऐकत होते. पाऊण तास. दोनदा. दीड तास!

"सुरुवातीला काय करतीस तू त्यात?"

"धागे कापते."

"त्याच्या आधी." नायनांनी भिंतीकडे हनुवटी केली. व्हिडिओ नेमका संपून पहिल्यापासून सुरू होत होता. भिंतीवर माझा हात आला, बीमवर गेला, आणि त्यानं बीम अर्धा फेरा सोडला. मग कात्री आली. "तोडणारा बीम कशाला ढिला करील? ताणलेल्याला कात्री लावली तर खाडकन तुटून टोकं माघारी पळत्यात. मग कुणाच्या बापाला सांधाय येत न्हाय. बीम ढिला कोण करतं?"

टपली बसल्यासारखी मान आपोआप खाली गेली.

"सांधणारा करतो," नायनाच म्हणाले. "तू आठशे धागे तोडलीस, पण सांधाय येतील आशी तोडलीस. म्हणून आमाला वाटलं, पोरगीनं तयारी करून ठिवलीया, आमच्यासाटनं. म्हणून बसलो सांधाय. न्हायतर मला काय हौस हाय व्हय?" मग ते पाटीकडे बघून म्हणाले, "हितं लिव्हलंस परत जोडता येणार न्हाय. हाताला कुटं सांगितलंस ते?"

हाताला कुणीच सांगितलं नव्हतं. तो व्हिडिओ कापताना, जुळवताना मी शंभर वेळा तरी बघितला असेल. त्यावर मी चार पानी टिपण लिहिलं होतं, त्यात ताण हा शब्द अकरा वेळा होता. आणि मी पहिलीच गोष्ट केली ती ताण सोडण्याची, आणि मला ती दिसली नाही. मला वाटलं होतं धागे जरा लोंबले तर बरे दिसतील, म्हणून सोडलाय. कलेची दृष्टी! मला रडू आलं, आणि मी "कालचं मनावर घेऊ नका, मी फार वाईट बोलले" असं जे काय म्हणाले ते तेलुगूत म्हणाले, कारण भांडण नव्हतं ते.

"बरं," नायना म्हणाले. "काप आता. ऊन व्हायच्या आत उरकू." आणि ते समोर बसून एकेक धागा बोटानं वर उचलून देत राहिले, गाठीच्या बरोबर शेजारी. चहा मात्र मी आणलेला प्यायले.

संध्याकाळी गल्ली लोटली. कुणाच्या तरी लग्नाला यावं तशी माणसं आली. दोघांनी तर आहेराची पाकिटं आणली होती. मुंबईच्या बाई एका कोपऱ्यात वही घेऊन उभ्या होत्या. नायना नसतील तर मोठ्या प्रदर्शनाचं अवघड आहे, हे त्यांनी मला दुपारीच गोड शब्दांत सांगून टाकलं होतं. मी दोन पडद्यांच्या मधे उभी होते, दातांत दोन टोकं धरून. तीन तास हलायचं नाही, बोलायचं नाही, नजर समोर. नियम माझाच.

नायना इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून दाराजवळच्या खुर्चीत बसले होते, प्रोजेक्टर राखत. तासाभरानं एक मावशी आत आल्या. या कारखान्यात त्या कांड्या भरायच्या. मला लहानपणी त्यांनी बोरं दिलेली आठवतात. त्यांनी मला खालून वरपर्यंत न्याहाळलं, भिंतीवरचं बघितलं, लोंबणाऱ्या धाग्यांत हात फिरवला आणि नायनांकडे वळून, मी तिथं नसल्यासारखं, मोठ्यानं विचारलं, "काय वो, लेक काय करतीया म्हणायची तुमची?"

माझे दात धाग्यावर आवळले गेले. मान वळवता येत नव्हती. नायना मला फक्त डोळ्याच्या कडेतून दिसत होते.

"पुण्यात..." ते म्हणाले. सवय. मग थांबले. खुर्चीतून उठल्याचा आवाज आला.

"धागं तोडती," ते म्हणाले. "पण आधी बीम ढिला करून तोडती."

मावशींनी एक टोक इकडचं, एक टोक तिकडचं घेतलं, जवळ आणून बघितलं. पुरलं. वर गाठीपुरतं उरलं.

"मग बरं हाय की," त्या म्हणाल्या. "सांधाय येतंय."

"तर," नायना म्हणाले. "लई वेळ न्हाय लागत."

पुढचे दोन तास मी रडत उभी होते. नाक वाहत होतं आणि ते पुसायला हात हलवायचा नव्हता. बाईंनी जवळ येऊन वहीत काहीतरी टिपलं. आठ वाजता, माणसं पांगल्यावर, त्यांनी हळूच विचारलं, "ते रडणं... ठरवलेलं होतं?"

"नाही," मी म्हणाले. दातांत धरून ओली झालेली ती दोन टोकं मी नायनांच्या हातात दिली. राखेची डबी त्यांनी इस्त्रीच्या शर्टाच्या खिशात आणलीच होती.